लवादाचे कलम आणि घराचा ताबा: भाडेकरूंच्या निष्कासनाच्या वादामागील इतिहास

मुंबई-पुण्यात जागा भाड्याने देताना केलेला करार वाचत गेले, तर अनामत रक्कम, वीजबिल आणि रंगरंगोटीच्या अटींनंतर, शेवटच्या पानाच्या आसपास, 'वाद उद्भवल्यास तो लवादाकडे', म्हणजे न्यायालयाऐवजी करारानुसार नेमलेल्या त्रयस्थाकडे, 'सोपवला जाईल' अशा अर्थाचे एक कलम पुष्कळदा आढळते. त्याखाली दोन्ही बाजूंच्या सह्या असतात, आणि असा करार वेळेत दाखवला गेला की न्यायालयाने पक्षकारांना लवादाकडे पाठवावे, असे 1996 च्या लवाद कायद्याचे कलम 8 सांगते. तरीही भाडेनियंत्रणाखालील जागेच्या ताब्याचा वाद उभा राहिला की हे कलम निरुपयोगी ठरते. त्याचे कारण कराराच्या शब्दांत सापडत नाही. ते मुंबईच्या घरटंचाईच्या इतिहासात आहे.

पहिल्या महायुद्धाच्या काळात शहरात जागेची टंचाई झाली आणि 1918 साली भाड्यावर मर्यादा घालणारा युद्धकालीन कायदा आला. दुसऱ्या महायुद्धाच्या सुमारास तशीच पावले पुन्हा उचलावी लागली आणि त्यांतूनच 1947 चा मुंबई भाडेनियंत्रण कायदा उभा राहिला. या कायद्याने 1 सप्टेंबर 1940 रोजीचे भाडे हा प्रमाण भाड्याचा, म्हणजे कायद्याने मान्य केलेल्या कमाल भाड्याचा, मुख्य आधार धरला, ठरावीक कारणांखेरीज भाडेकरूला काढता येणार नाही असे ठरवले, आणि कलम 28 नुसार घरमालक-भाडेकरू वादाचा अधिकार बृहन्मुंबईत केवळ लघुवाद न्यायालयाकडे (स्मॉल कॉजेस कोर्ट) दिला. पुढचा सारा वाद या 'केवळ' भोवती फिरत राहिला.

हा अधिकार एका ठरावीक न्यायालयाकडे का ठेवला असावा, हे एका तरतुदीवरून स्पष्ट होते. घरमालकाला स्वतःसाठी जागेची खरी गरज आहे असे सिद्ध झाले तरी तेवढ्यावर ताब्याचा हुकूम होत नाही; हुकूम दिल्याने भाडेकरूला होणारा त्रास मोठा की न दिल्याने घरमालकाला होणारा, हे न्यायालयाला तोलून पाहावे लागते. दोघांनी आपसांत काय लिहून ठेवले होते, याचा या तुलनेशी संबंध नाही. कायद्याने दिलेले संरक्षण भाडेकरूला करारातून सोडून देता येत नाही, आणि म्हणूनच ज्याचा अधिकार करारातून येतो त्या लवादाकडे हा निर्णय सोपवणे न्यायालयांना पटले नाही, असे मला वाटते.

या प्रश्नाची पहिली मोठी कसोटी सहकाराच्या वाटेने आली. सहकारी संस्थेच्या कामकाजाशी निगडित वाद सहकार कायद्याच्या कलम 91 खाली निबंधकाकडे नेता येत असे. एका सहकारी बँकेने आपल्या इमारतीतील भाडेकरूविरुद्ध हीच वाट धरली, तेव्हा 1968 साली डेक्कन मर्चंट्स को-ऑपरेटिव्ह बँकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ती अडवली आणि असा वाद भाडेनियंत्रण कायद्याच्या न्यायालयातच चालेल असे ठरवले.

दरम्यान, भाडेकरू कायमचा बसेल या धास्तीने जागा अकरा महिन्यांच्या 'लीव्ह अँड लायसन्स'वर, म्हणजे भाडेपट्टा न करता केवळ वापराच्या परवान्यावर, देण्याची पद्धत रूढ झाली होती. 1973 च्या दुरुस्तीने त्या वर्षीच्या 1 फेब्रुवारीला चालू करारानुसार ताबा असलेल्या परवानाधारकांना भाडेकरूंचा दर्जा मिळाला. नटराज स्टुडिओज विरुद्ध नवरंग स्टुडिओज हे 1981 चे प्रकरण याच पार्श्वभूमीवरचे आहे. अंधेरी-कुर्ला रस्त्यावरील दोन स्टुडिओंचा 1970 चा लायसन्स करार आणि त्यात लवादाचे कलम, अशी ती स्थिती होती. मालकाने लवाद मागितला. सर्वोच्च न्यायालयाने मात्र सार्वजनिक धोरण आणि कलम 28 या दोन्हींचा आधार घेऊन हा वाद लघुवाद न्यायालयाचाच असल्याचे सांगितले.

गोठलेल्या भाड्यांवर 1997 साली सर्वोच्च न्यायालयाने कठोर ताशेरे ओढले, आणि 31 मार्च 2000 पासून 1999 चा नवा महाराष्ट्र भाडेनियंत्रण कायदा लागू झाला. त्याने बँका, बहुराष्ट्रीय कंपन्या आणि 1 कोटी रुपये किंवा अधिक भरणा झालेले भागभांडवल असलेल्या कंपन्या यांना दिलेल्या जागा संरक्षणातून वगळल्या. या जागांना भाडेपट्ट्यांचा सर्वसाधारण कायदा, म्हणजे मालमत्ता हस्तांतरण कायदाच, लागू राहिला, आणि लवादाचा प्रश्न नव्या रूपात पुढे आला.

2011 साली बूझ ॲलन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने लवादाकडे न जाणाऱ्या वादांची सहा उदाहरणे दिली. त्यांतले शेवटचे, विशेष कायद्याने संरक्षण दिलेल्या भाडेकरूंच्या निष्कासनाचे होते. मूळ वाद गहाण ठेवलेल्या फ्लॅटचा होता, हे येथे ध्यानात ठेवायला हवे. 'विशेष कायदा' ही मर्यादा त्या वाक्यातच होती. तरी 2017 च्या हिमांगनी निकालात भाडेनियंत्रणाबाहेरील जागांनाही लवादाचे दार बंद झाले. माझ्या मते ती ओढाताण होती. कलकत्त्यातील गोदामांवरून उद्भवलेल्या विद्या द्रोलिया प्रकरणात 14 डिसेंबर 2020 रोजी तीन न्यायमूर्तींच्या पीठाने ती दुरुस्त केली: मालमत्ता हस्तांतरण कायद्याखालील भाडेपट्ट्याचा वाद लवादाकडे जाऊ शकतो, कारण तो त्या दोन पक्षांपुरताच असतो आणि लवादाचा निवाडा न्यायालयाच्या हुकूमनाम्यासारखा अमलात आणता येतो, भाडेनियंत्रणाखालचा वाद मात्र त्या-त्या न्यायालयातच राहील.

मुंबईत याला आणखी एक पदर आहे. 1882 च्या प्रेसिडेन्सी लघुवाद न्यायालय कायद्याचे कलम 41 राज्याने 1976 साली बदलले आणि शहरातील भाड्याच्या व लायसन्सच्या जागांचे ताब्याचे दावे धोबी तलावच्या लघुवाद न्यायालयाकडे आणले. भाडेनियंत्रण लागू नसले तरी या कलमामुळे लवादाचे कलम चालणार नाही, असे मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने सेंट्रल वेअरहाउसिंग प्रकरणात म्हटले होते. तो निकाल विद्या द्रोलियाच्या बराच आधीचा आहे, आणि त्याचा आधार भाडेकरूला असलेल्या संरक्षणापेक्षा कोणत्या न्यायालयाला अधिकार नेमून दिला आहे हा होता.

राहण्यासाठी लायसन्सवर दिलेल्या जागेची मुदत संपूनही ती सोडली नाही, तर 1999 च्या कायद्याच्या कलम 24 नुसार घरमालकाला सक्षम प्राधिकाऱ्याकडे अर्ज करता येतो. परवानाधारकाला बचाव करायचा असेल तर समन्स मिळाल्यापासून 30 दिवसांत प्रतिज्ञापत्र देऊन परवानगी मागावी लागते, आणि मुदतीनंतरच्या ताब्यासाठी लायसन्स शुल्काच्या दुप्पट दराने नुकसानभरपाई लागू होते. करारात लवादाचे कलम असो वा नसो, ताब्याचा हुकूम तेथूनच मिळतो.