दहा मुलांमागे एक बाई : पाळणाघरांच्या नियमांमागचा इतिहास

पाळणाघर शोधताना आईवडील जागा बघतात, फी विचारतात, घरापासूनचं अंतर मोजतात. एका बाईकडे किती मुलं आहेत, हे विचारायचं बहुधा राहून जातं. महाराष्ट्रातल्या पाळणाघरांचा इतिहास मात्र याच प्रश्नापाशी पुन्हा पुन्हा येऊन थांबतो.

सुरुवात गिरणगावातली. मुंबईच्या कापडगिरण्यांत वाइंडिंग आणि रीलिंग या सूत गुंडाळण्याच्या खात्यांत हजारो बायका राबत. १९२२ च्या कायद्यानेही दिवसाला अकरा तासांपर्यंत काम करून घेता येत असे. मागे चाळीतल्या खोलीत तान्हं मूल, आणि त्याला बघायला कुणी नाही. म्हणून कामावर निघण्याआधी त्याला बाळागोळी दिली जाई. या गोळीत अफू असे. त्याच सुमारास डॉ. बार्न्स यांनी गिरणी कामगार स्त्रियांच्या बाळंतपणाची पाहणी केली, तेव्हा बहुतेक तान्ह्यांना अफू दिली जात असल्याचं त्यांनी नोंदवलं. अफूने मूल नुसतं झोपत नाही. त्याची भूक मरते, पोट साफ होत नाही, श्वास मंदावतो. दूध मागायला हवं ते मूल दूध मागतच नाही आणि दिवसेंदिवस वाळत जातं. शिवाय हाताने वळलेल्या गोळ्यांत अफूचं प्रमाण सारखं नसे. काल पचलेली गोळी आज जिवावर बेतू शकत होती. यात आईला दोष देणं अन्यायाचं आहे. तिच्यापुढे दुसरी सोयच नव्हती.

१९२९ साली मुंबई प्रांतात प्रसूती लाभ कायदा आला. १९३४ च्या कारखाना कायद्याने, पन्नासपेक्षा जास्त बायका असलेल्या कारखान्यांत सहा वर्षांखालच्या मुलांसाठी खोली राखून ठेवायला लावण्याचा अधिकार प्रांतिक सरकारांना दिला. १९४८ च्या कायद्यातल्या ४८ व्या कलमाने ही सोय बंधनकारकच केली. नियमांत दर मुलामागे २० चौरस फूट जागा, पाळणा, रोजचं दूध आणि अंगावर पाजण्यासाठी आईला मधल्या सुट्टीखेरीज दोन वेळा सवड, इतका तपशील होता. बाळागोळीला खरा पर्याय होता तो ही सवड. दोनदा पाजायला येणाऱ्या आईच्या लक्षात मूल गुंगलेलं आहे की नाही, हे लगेच येतं.

पण कायद्याने मोजल्या त्या बायका, आणि घोळ तिथेच झाला. १९७६ साली पन्नासाची मर्यादा तीसवर आणली, तरी बायकांची संख्या मर्यादेखाली ठेवली की मालक मोकळा! म्हणजे पाळणाघराचा खर्च टाळायचा सोपा मार्ग बाईला कामावरच न घेणं हा ठरला. आणि जिथे खोली होती तिथेही गर्दीच्या लोकलमधून तान्हं मूल रोज आणायचं कसं, हा प्रश्न उरलाच. २०१७ च्या प्रसूती लाभ दुरुस्तीने पुरुष धरून एकूण पन्नास कर्मचारी हा निकष लावला आणि आईला दिवसातून चार वेळा मुलाकडे जाण्याची मुभा दिली. हा बदल फार आधी व्हायला हवा होता.

गावाकडे प्रश्नाचं रूप वेगळं होतं. ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी १९४५ साली बोर्डीला बालशिक्षणाचं काम सुरू केलं आणि १९५७ साली ते कोसबाडला नेलं. आदिवासी पाड्यांवरची मोठी मुलं शाळेत येत नसत, कारण कडेवर धाकटं भावंड असे. ते कुठे ठेवायचं? ताराबाईंच्या विकासवाडीत पाळणाघर, बालवाडी आणि प्राथमिक शाळा एकाच आवारात आल्या. धाकट्याला पाळणाघरात सोडून थोरली वर्गात बसे. पुढे १९७५ च्या एकात्मिक बालविकास योजनेने अंगणवाडी हे नाव देशभर नेलं, पण ती काही तासांतच सुटते. आई शेतातून परतते संध्याकाळी. केंद्राच्या पाळणाघर योजनेत साडेसात तासांची वेळ ठेवावी लागली ती यामुळेच. बांधकामांवरच्या मजुरांच्या मुलांसाठी मीरा महादेवन यांनी १९६९ साली दिल्लीत फिरती पाळणाघरं सुरू केली; काही वर्षांतच ती मुंबईतही आली.

शहरी मध्यमवर्गाने या सगळ्यापासून दूर, आपल्यापुरती वेगळी वाट काढली. दादर, डोंबिवली, पुण्यात सोसायटीतल्या एखाद्या काकूंनी हॉलमध्ये गाद्या टाकल्या आणि पाळणाघर सुरू झालं. ओळखीवर चालणाऱ्या या घरांत कारखाना निरीक्षक येत नाही. २०१६ साली खारघरच्या एका पाळणाघरात तान्हीला झालेली मारहाण सीसीटीव्हीत दिसली, तेव्हा कुठे पालक कॅमेऱ्याबद्दल विचारू लागले. पण कॅमेऱ्याने हात वाढत नाहीत.

२०१८ च्या केंद्रीय मार्गदर्शक सूचनांत तीन वर्षांखालच्या दहा मुलांमागे एक सेविका आणि सोबत मदतनीस, तर तीन ते सहा वयाच्या वीस मुलांमागे एक सेविका असं प्रमाण आहे. हे किमान आहे. वर्षाखालची तीन मुलं एकत्र असली तर मदतनिसाशिवाय भागत नाही, कारण एकाला भरवताना दुसऱ्याचं लंगोट बदलायला येतं. पाळणाघर बघायला जायचं तर सकाळी दहाला जाऊ नका, दुपारी साडेबारा ते दोनमध्ये जा. तेव्हा शाळेच्या व्हॅनमधून मोठी मुलं उतरतात, लहानांचं जेवण आणि झोप एकाच वेळी येते आणि हात नेमके कमी पडतात.

आपलं मूल तिथे रोज तीन-तीन तास गाढ झोपत असेल, घरी आल्यावरही मरगळलेलं असेल, भूक कमी झाली असेल, तर कोणतं औषध दिलं जातं हे सरळ विचारा. सर्दीच्या काही सिरपमधल्या क्लोरफेनिरामिनने गुंगी येते. फिनाइलएफ्रिनसोबतचं त्याचं मिश्रण चार वर्षांखालच्या मुलांना देऊ नये, असा इशारा बाटलीवर छापायचा आदेश औषध नियंत्रकांनी डिसेंबर २०२३ मध्ये दिला आहे. डब्यासोबत रोज एक चिठ्ठी द्या : औषध असेल तर नाव, किती मिली, किती वाजता, नसेल तर ‘आज औषध नाही’ एवढं स्पष्ट लिहा आणि खाली सही करा.